पहिला कॉल सकाळी सातचा

गेली 28 वर्षं मी मालिका आणि सिनेमांच्या सेटवर केशभूषा करते आहे. नवी मुलगी सेटवर आली की दिग्दर्शकाच्या आधी ती माझ्यासमोर येऊन बसते. कॉल, म्हणजे सेटवर हजर व्हायची वेळ, सातचा असतो, ती साडेसहालाच पोहोचलेली असते. एसी चालू असला तरी तिची मान घामेजलेली असते, भांग पाडताना ती ओल माझ्या बोटांना लागते. सीनचे कागद तिने इतके घट्ट धरलेले असतात की त्यांचे कोपरे मऊ पडतात. त्या पहिल्या तासात प्रत्येकीला काहीतरी विचारायचं असतं आणि प्रत्येकीला विचारायची भीती वाटते. संपादकांनी हे सदर माझ्याकडे दिलं तेव्हा मी एवढंच म्हटलं, की खुर्चीत बसून विचारायचं राहून जातं ते मुलींनी इथे विचारावं. या महिन्यातली पाच पत्रं घेतली आहेत.

माझी मुलगी 20 वर्षांची, टी.वाय.बी.ए.ला आहे. वर्षभर इथल्या केबलच्या वाहिनीवर संध्याकाळच्या बातम्या वाचते. आता तिला मुंबईला जाऊन मालिकेत काम करायचंय. सासूबाई म्हणतात, "जाऊ द्या तिला, आपल्या खानदेशची स्मिता पाटीलही आधी बातम्याच वाचायची." हे खरं का? खरं असेल तर किती दिवस वाट बघायची? तिचे बाबा म्हणतात, एक वर्ष देऊ, नाही जमलं तर स्थळं बघू.
— एक आई, जि. धुळे

ताई, सासूबाईंना माझा नमस्कार सांगा. त्यांचं म्हणणं खरं आहे. मुंबई दूरदर्शन केंद्र 2 ऑक्टोबर 1972 ला सुरू झालं आणि पुढच्या काही वर्षांत तिथे मराठी बातम्या वाचणारी स्मिता पाटील घराघरांत ओळखीची झाली. जीन्सवरच साडी गुंडाळून ती बातम्यांना बसायची, ही गोष्ट आमच्याकडे प्रत्येक नव्या मुलीच्या कानावर येते. तिथून श्याम बेनेगल यांनी तिला हेरलं आणि ती सिनेमात आली, असं लोक एका दमात सांगतात आणि मधली वर्षं गाळून टाकतात. तुमच्या लेकीच्या कामाची तर तीच वर्षं आहेत, म्हणून जरा सविस्तर लिहिते.

स्मिताचा जन्म पुण्यातला, 17 ऑक्टोबर 1955 चा. वडील शिवाजीराव पाटील तुमच्या खानदेशातले, स्वातंत्र्यलढ्यातून राजकारणात आलेले. आई विद्याताई सामाजिक कामात. मुलगी राष्ट्र सेवा दलात वाढली. चारचौघांत उभं राहून गायचं, सतरंजी आपणच अंथरायची आणि आपणच उचलायची, अशी सवय त्या वातावरणात लागते. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये अरुण खोपकर शिकत होते, त्यांच्या 'तीव्र मध्यम' या पदविकेच्या चित्रपटात तिने काम केलं. ते साल 1974. विद्यार्थ्यांचा चित्रपट म्हणजे ना मोठा पैसा, ना थिएटर, ना पोस्टर. त्याच सुमाराला जब्बार पटेल यांच्या 'सामना'त लहानशी भूमिका. मग बेनेगलांचा 'चरणदास चोर' (1975), तोही मुलांसाठी केलेला. छत्तीसगडात, हबीब तन्वीर यांच्या मंडळींबरोबर. त्या गावाकडच्या नटांसमोर ही शहरातली मुलगी राजकन्या म्हणून उभी होती.

त्याच वर्षी 'निशांत' आला. त्यात मध्यवर्ती स्त्री-भूमिका शबाना आझमींची. स्मिता जमीनदाराच्या घरातली धाकटी सून, रुक्मिणी. तुमच्या लेकीला मुद्दाम हा चित्रपट दाखवा. तिला म्हणावं, स्मिताला संवाद नसतील तेव्हा तिच्याकडे बघ. घरात काय चाललंय ते त्या सुनेला दिसतंय, बोलायची सोय नाही, आणि ते सगळं तिच्या मानेत उतरलेलं आहे. माझं काम मानेशी आहे म्हणून मला ते आधी दिसलं असेल. पण कॅमेऱ्यालाही मान फार लवकर दिसते.

1976 मध्ये 'मंथन'. गुजरातच्या पाच लाख दूध उत्पादकांनी प्रत्येकी दोन रुपये घालून तो चित्रपट उभा केला. त्यातली बिंदू डोक्यावरची ओढणी सावरते, तेव्हा ते सावरणं बिंदूचं असतं. आमच्या नव्या मुली पदर सावरतात तेव्हा मला बऱ्याचदा आरशासमोर केलेला सराव दिसतो. मग 1977 ला 'भूमिका', हंसा वाडकरांच्या 'सांगत्ये ऐका' या आत्मकथनावर बेतलेला. कोवळ्या वयापासून आयुष्याने थकवलेल्या बाईपर्यंत सगळं एकीनेच करायचं होतं. त्यासाठी राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. वय 22. त्याच वर्षी 'जैत रे जैत'मधली चिंधी. 1986 च्या 13 डिसेंबरला ती गेली तेव्हा एकतीस वर्षांची होती. मी तेव्हा पंधराची होते. शेजारच्या काकूंकडे टीव्हीवर बातमी लागली, आणि आमच्या आईने चुलीवरचं दूध उतू जाऊ दिलं, हे मला अजून आठवतं. आई सिनेमे फारसे बघायची नाही. "आपल्यातली वाटायची गं," एवढंच म्हणाली.

आता मोजा, ताई. विद्यार्थ्यांचा चित्रपट, लहानशी भूमिका, मुलांचा चित्रपट, दुय्यम भूमिका, गावची बाई, आणि मग 'भूमिका'. तीन वर्षं. बेनेगलांसारखा दिग्दर्शक पाठीशी असताना तीन वर्षं! सगळ्यांना एवढं लवकर मिळत नाही. मुक्ता बर्वे चिंचवडची, पुण्याच्या ललित कला केंद्रात रीतसर शिकलेली. 1998 ला 'घडलंय बिघडलंय' या मालिकेतून ती टीव्हीवर दिसली, 2004 ला 'चकवा' हा चित्रपट आला, 'जोगवा' आला 2009 मध्ये, आणि 'एका लग्नाची दुसरी गोष्ट' 2012 मध्ये. मधल्या काळात नाटक चालूच. पहिल्या मालिकेपासून 'जोगवा'पर्यंत अकरा वर्षं झाली. त्या अकरा वर्षांत कुणी तिला "एक वर्ष, नाहीतर स्थळं" म्हटलं असतं तर 'जोगवा'तली ती सुली आपल्याला कोण देणार होतं?

म्हणून मुलीच्या बाबांना माझी हात जोडून विनंती आहे, ही मुदत काढून टाका. मुदत घेऊन आलेल्या मुली मला खुर्चीत कळतात. त्या दर दहा मिनिटांनी फोन बघतात. ऑडिशन चुकली की त्यांना एक प्रसंग चुकल्यासारखं वाटत नाही, घर गेल्यासारखं वाटतं. मग पुढच्या ऑडिशनला त्या घाबरूनच उभ्या राहतात आणि ते कॅमेऱ्यात दिसतं.

तिने टी.वाय. पूर्ण करावं. या वर्षी तुमच्या भागातला जो संघ राज्य नाट्य स्पर्धेला नाटक बसवतोय त्याच्या तालमीला जावं. काम नाही मिळालं तर प्रॉम्प्टिंग करावं, म्हणजे विसरलेला संवाद आडून सांगावा, प्रॉपर्टी, म्हणजे नाटकातलं सामान, सांभाळावी. त्यानंतर शिकायचं असेल तर पुण्याचं ललित कला केंद्र आहे, मुंबई विद्यापीठाची थिएटर अकादमी आहे. बातम्या वाचणं मात्र सोडू नये. बातमी वाचणाऱ्याला स्वतःला मागे ठेवावं लागतं, श्वास कुठे घ्यायचा ते आधीच ठरवावं लागतं, आणि चूक झाली तरी चेहरा न मोडता पुढचं वाक्य घ्यावं लागतं. मालिकेच्या सेटवर दिवसाला आठ-दहा सीन होतात, तिथे हीच सवय उपयोगी पडते.

आणखी एक. पत्रात तुम्ही लिहिलंय की घरी अहिराणी बोलतात म्हणून ती "शुद्ध" बोलायचा क्लास लावतेय. क्लास लावू दे. पण आजीशी अहिराणी बोलणं बंद झालं तर मला वाईट वाटेल. प्रमाण भाषा बोलणाऱ्या दोनशे मुली ऑडिशनच्या रांगेत उभ्या असतात. कोल्हापुरी, वऱ्हाडी, मालवणी येणारीला हल्ली कामं मिळतात, ती त्या भाषेतल्या मालिका चालल्यामुळे. उद्या कुणी अहिराणी नायिका लिहिली तर तिचं काम खऱ्या अहिराणी मुलीला मिळावं असं मला मनापासून वाटतं.

व्हॉट्सअ‍ॅपवर मेसेज आला की नव्या मालिकेच्या नायिकेसाठी माझी निवड झालीय. फोटो मी इन्स्टाग्रामवर टाकलेलेच होते. पोर्टफोलिओ आणि "आर्टिस्ट कार्ड" यासाठी 35,000 रुपये भरायचे आहेत. टोकन म्हणून 5,000 भरले. उरलेले भरू का?
— वय 19, इचलकरंजी

नको. एक रुपयाही नको. हे वाचशील त्या क्षणी 1930 या क्रमांकावर फोन कर, सायबर फसवणुकीची ती सरकारी हेल्पलाइन आहे. मेसेज, नंबर, पैसे भरल्याची पावती काहीही डिलीट करू नकोस. आणि घरी सांग. तू पत्रात लिहिलंयस की बाबांना कळलं तर ते कायमचं बंद करतील. राजा, पाच हजार गेले हे घरी सांगणं कठीण आहे, पण पस्तीस गेल्यावर सांगणं त्याहून कठीण होईल.

न बघता, न बोलवता कुणाला नायिका करत नाहीत. आधी ऑडिशन होते, मग पुन्हा ऑडिशन होते, मग लुक टेस्ट, मग जोडी शोभते का ते बघायला समोरच्या नटाबरोबर मॉक शूट. यातल्या कुठल्याही पायरीला कलाकाराने पैसे द्यायचे नसतात. कलाकारांच्या संघटनेचं कार्ड संघटनाच देते, तेही आधी काम असेल तेव्हा. मध्यस्थाकडून ते विकत मिळत नाही.

खरी ऑडिशन घरून पाठवायची वेळ येईल तेव्हा काय करायचं तेही सांगून ठेवते. खिडकीकडे तोंड करून उभी राहा, खिडकी पाठीमागे नको. आधी स्लेट द्यायची, म्हणजे नाव, वय, उंची, गाव, कुठल्या भाषा येतात ते सांगायचं. मग डावी बाजू, उजवी बाजू, आणि एकदा डोक्यापासून पायापर्यंत. केस कानामागे. फिल्टर नको, कारण त्यांना तुझा खरा रंग, खरी त्वचा बघायची असते. पोर्टफोलिओ हवाच असेल तर साध्या उजेडात काढलेले चार स्वच्छ फोटो पुरतात.

मी 15 मेपासून एका मालिकेत नायिकेच्या बहिणीचं काम करतेय. मीरा रोडला तिघींत एक खोली आहे. ऑक्टोबर उजाडला तरी एकही पैसा आलेला नाही. विचारलं तर "तू नवीन आहेस ना, येतील" म्हणतात. जास्त विचारलं तर काढून टाकतील का? आणि रोज रॉडने केस कुरळे करतात, ते आता ओंजळीने गळतायत.
— वय 23

आधी पैशाचं.

आपल्याकडे मालिकेत बहुतेक जणी रोजाने काम करतात, महिन्याच्या शेवटी बिल द्यायचं आणि 90 दिवसांनी पैसे, अशी रूढी आहे. ती मला मान्य नाही, पण आहे. म्हणजे मेचं बिल तू 31 मेला दिलं असशील तर त्याची मुदत 29 ऑगस्टला संपली. 30 जूनच्या बिलाची 28 सप्टेंबरला. दोन्ही बिलं थकलेली आहेत. हे तू कागदावर लिहून, तारखांसकट, निर्मितीच्या हिशेब विभागाला ईमेल कर. सेटवरच्या प्रॉडक्शनदादांना तोंडी विचारत बसू नकोस, त्यांच्या हातात काही नसतं. ईमेलमध्ये चार ओळी पुरेत: अमुक महिन्यात अमुक दिवस काम केलं, बिल अमुक तारखेला दिलं, मुदत अमुक तारखेला संपली, रक्कम कधी जमा होईल ते कळवावं. रागाचा एकही शब्द नको. टीडीएस कापून रक्कम येईल, तेव्हा पॅन नंबर त्यांच्याकडे बरोबर गेलाय ना तेही बघ. बऱ्याच नव्या मुलींचं बिल तेवढ्यावरून अडकलेलं मी पाहिलंय. आठ-दहा दिवसांत उत्तर नाही आलं तर करारपत्र घेऊन कलाकारांच्या संघटनेकडे जा.

करारपत्राची प्रत तुझ्याकडे आहे ना? नसेल तर आधी ती माग. सही करताना घाईघाईत कागद पुढे सरकवतात, "नंतर देतो प्रत" म्हणतात. प्रत तेव्हाच घ्यायची. त्यात रोज किती, तास किती, पैसे किती दिवसांत, दुसरीकडे काम करायची मुभा आहे का, आणि त्यांनी तुला काढलं तर किती दिवसांची सूचना, या पाच गोष्टी शोध. सिनेमा चालून आला आणि करारात मुभा नव्हती, म्हणून तो सोडावा लागलेल्या दोन मुलींची वेणी मी त्याच दिवशी घातलेली आहे. त्या दिवशी दोघीही अख्खा दिवस कुणाशी बोलल्या नाहीत.

काढून टाकतील का, या प्रश्नाला मी खोटं उत्तर देणार नाही. कधीकधी काढतात. पण पैसे विचारले म्हणून काढलेल्या मुली मला हाताच्या बोटांवर मोजण्याइतक्याच आठवतात. न विचारता आठ-आठ महिने फुकट राबलेल्या फार आठवतात. त्यातली एक मी. 2003 साली वाईजवळच्या एका चित्रपटावर मी 41 दिवस काम केलं. कागद नव्हता. "ताई, तुम्ही घरच्याच" असं म्हणायचे. चित्रपट लागला, उतरला, माझे पैसे आले नाहीत ते नाहीतच. मुलीच्या शाळेची फी भरायला मी सोन्याच्या कुड्या गहाण टाकल्या. त्या वर्षापासून मी वही ठेवते: तारीख, कॉल किती वाजता, पॅकअप किती वाजता, आणि खाली प्रॉडक्शनवाल्याची सही. पहिल्यांदा सही मागितली तेव्हा माझा आवाज कापत होता. आता ते आपणहून पेन काढतात. तूही आजपासून अशी वही सुरू कर.

विचारल्याने नियमही बदलतात, हे मी माझ्या धंद्यात पाहिलंय. कित्येक दशकं आमच्याकडे बाईने केस करायचे आणि मेकअप फक्त पुरुषाने, असं चालत आलेलं. मेकअप शिकलेल्या बायकांना त्याचं कार्डच मिळायचं नाही. काही जणी सर्वोच्च न्यायालयात गेल्या आणि 10 नोव्हेंबर 2014 ला न्यायालयाने ती बंदी मोडून काढली. माझ्या मुलीच्या वयाची एक मुलगी आज माझ्या शेजारच्या आरशासमोर मेकअपचा ब्रश घेऊन उभी असते, आणि तिच्याकडे बघताना माझे डोळे भरून येतात.

आता केस. रोज रॉड लावायचा तर आधी उष्णतेपासून वाचवणारं सीरम लावलंच पाहिजे, आणि ते लावलं की नाही हे तुला आरशात दिसतं. नसेल लावत तर "ताई, सीरम लावाल का?" असं सरळ म्हण. ओल्या केसांना रॉड कधीच नको. रात्री घरी गेल्यावर लगेच डोक्यावर पाणी घालू नकोस. स्प्रेने केस चिकटलेले असतात, तसेच धुतले की गुंता होतो आणि विंचरताना मुळापासून येतात. आधी खोबरेल तेल चोळ, रुंद दातांच्या फणीने टोकाकडून वर वर सोडवत ये, मग धू. शेंड्यांना कुरळे तुकडे, म्हणजे गंगावनासारखे जोडायचे खोटे केस मिळतात. ते लावले तर तुझ्या केसांना फक्त पुढून दोन बटांपुरता रॉड लागेल. लुक ठरलेला असतो म्हणून हे परस्पर बदलता येत नाही, कंटिन्यूइटी, म्हणजे एका सीनचा दुसऱ्या सीनशी मेळ, बिघडते. पण तुझ्या ट्रॅकमध्ये, म्हणजे तुझ्या पात्राच्या कथेत, लग्न, लीप (कथेतली काही वर्षांची उडी), काहीही वळण येत असेल तर त्याच्या आधीच क्रिएटिव्हच्या, म्हणजे कथा आणि लुक बघणाऱ्या टीममधल्या, मुलीशी बोलून ठेव: "पुढच्या लुकला वेणी किंवा अंबाडा चालेल का?" मी सांगते, दहातल्या सात वेळा चालतो.

माझ्या 11 वर्षांच्या मुलीला एका मालिकेत नायिकेच्या लहानपणाचं काम मिळतंय. शाळा सांभाळून जमेल का?
— एक बाबा, ठाणे

जमतं, पण तुम्ही नियम पाठ करून गेलात तरच. बालकामगारांबाबतच्या 2017 च्या नियमांनुसार चौदा वर्षांखालच्या मुलाकडून दिवसाला 5 तासांपेक्षा जास्त काम घेता येत नाही, आणि विश्रांती न देता सलग 3 तासांपेक्षा जास्त नाही. सलग 27 दिवसांच्या वर काम नाही. निर्मात्याने जिल्हाधिकाऱ्यांची परवानगी काढायची असते आणि मुलीचं शिक्षण बुडणार नाही याची व्यवस्था करायची असते. दर पाच मुलांमागे एक जबाबदार व्यक्ती हवी. मिळणाऱ्या पैशांतले किमान 20 टक्के तिच्या नावाने राष्ट्रीयीकृत बँकेत मुदत ठेव म्हणून जायला हवेत. परवानगीचा कागद पहिल्याच दिवशी मागा.

नियमांत नसलेलंही एक सांगते. सेटवर लहान मुलीला सगळे जण लाडाने उचलतात, गाल ओढतात, आणि रडायचा सीन आला की "आई तुला सोडून गेली" असं सांगून रडवतात. ते करू देऊ नका. मुलांना खोटं खोटं रडता येतं, आपण समजतो त्यापेक्षा खूप छान येतं, फक्त थोडा वेळ द्यावा लागतो.

मी गाव लिहीत नाही. मालिकेतल्या एका मोठ्या माणसाने दोनदा पॅकअपनंतर "उद्याचा सीन वाचू" म्हणून त्यांच्या खोलीत थांबायला सांगितलं. पहिल्यांदा थांबले. त्यांनी हात धरला. मी निघून आले. आता सेटवर सगळ्यांसमोर माझ्या कामाला नावं ठेवतात. मी काही चुकीचं केलं का?
— नाव नको

तू काहीही चुकीचं केलं नाहीस. थांबलीस तेही चुकीचं नव्हतं, कारण सीन वाचायला बोलावलं तर नवी मुलगी थांबणारच. हे वाक्य दोनदा वाच, कारण पत्रात तू "मी थांबायलाच नको होतं" हे तीन वेळा लिहिलंयस.

आज रात्री झोपायच्या आधी एक काम कर. दोन्ही वेळच्या तारखा, साधारण वाजलेले किती, खोली कुठली, काय बोलले, बाहेर कोण बसलेलं होतं, हे सगळं लिहून काढ आणि स्वतःलाच ईमेल कर, म्हणजे तारीख नोंदली जाईल. आलेले मेसेज जपून ठेव.

कामाच्या ठिकाणी बायकांच्या होणाऱ्या लैंगिक छळाविरुद्ध 2013 चा कायदा आहे. दहा किंवा जास्त माणसं काम करतात तिथे अंतर्गत समिती असायलाच हवी, आणि तिची अध्यक्ष बाईच असते. मालिकेच्या सेटवर तर साठ-सत्तर माणसं असतात. समितीतल्या बाईंचं नाव निर्मितीच्या ऑफिसला विचार. समितीच नसेल किंवा तक्रार खुद्द मालकाविरुद्ध असेल तर जिल्ह्याची स्थानिक समिती असते, तिच्याकडे जाता येतं. तक्रार घटनेपासून तीन महिन्यांत द्यायची असते. सबळ कारण असेल तर आणखी तीन महिने वाढवून मिळतात. म्हणून तारखा लिहून ठेव म्हणते. तू रोजावर आहेस, नवीन आहेस, करार छोटा आहे, यातल्या कशानेही तुझा हक्क कमी होत नाही. पोलिसांकडे जायचा रस्ताही उघडाच राहतो.

तक्रार करायची की नाही, कधी करायची, हे तू ठरव. घाई मी करणार नाही आणि कुणाला करूही देऊ नकोस. पण एकटी राहू नकोस. सेटवर एक तरी बाई अशी असते, जिच्याशी तू रोज दोन शब्द बोलतेस. हेअर करणारी असेल, ड्रेस बघणारी असेल, तुझ्या आईचं काम करणारी ज्येष्ठ अभिनेत्री असेल. तिला सांग. पॅकअपनंतर तिच्याबरोबरच गाडीत बस. आमच्या खोलीचं दार आतून बंद होतं, आणि नवी मुलगी आत बसलेली असली तर आम्ही ते कुणालाही उघडून देत नाही. माझ्याकडे अशा तीन मुली वेगवेगळ्या वर्षांत पॅकअपनंतर तासभर बसून राहिल्या आहेत. मी पिना मोजत बसायचे, त्या गप्प बसायच्या, मग आम्ही एकत्र निघायचो.

तुझ्या पत्राच्या पाकिटावर फोन नंबर नाही. माझा नंबर मासिकाच्या ऑफिसात आहे. नाव न सांगता माग, त्यांना मी सांगून ठेवलंय. सकाळी सहाच्या आधी किंवा रात्री दहानंतर केव्हाही कर.